मानेवरचा डिंक

माशीच्या मानेवर मधाच्या रंगाचा एक थेंब होता. थेंब म्हणणंही जास्तच झालं. सूक्ष्मदर्शकातल्या पट्टीवर त्याची रुंदी मिलिमीटरच्या दहाव्या भागाहून थोडी कमीच भरत होती. वरून गुळगुळीत, खालच्या कडेला एक बारीक सुरकुती, आणि आत अडकलेला हवेचा एक बुडबुडा. दिवा डावीकडून अगदी आडवा धरला तरच तो चमकायचा. एरवी मान आणि मानेची सावली, एवढंच दिसायचं.

तो डिंक होता. चार वर्षांपूर्वी तिला पहिल्यांदा दिसला तेव्हाही डिंकच होता, आणि त्यानंतर जितक्या वेळा तिने ही पेटी उघडली तितक्या वेळा तो डिंकच राहिला होता.

डिंक असणं हा काही गुन्हा नव्हे. टाचणीला टोचलेली माशी वाळली की तिची मान काडीसारखी ठिसूळ होते. पेटी जरा आपटली, जवळ कुणी शिंकलं, की डोकं खाली. मग ते उचलायचं, डिंकाचा कण लावायचा आणि जागेवर बसवायचं. जिथे जिथे कीटकांची कपाटं आहेत तिथे तिथे हे चालतं. तिने स्वतः कितीतरी डोकी अशी चिकटवली होती. प्रश्न डिंकाचा नव्हताच. प्रश्न असा होता, की डोकं कुणाचं?

संग्रहालयातला माश्यांचा विभाग तिच्याकडे होता. तळमजल्यावरची लांबट खोली, दोन्ही भिंतींना लोखंडी कपाटं, मध्ये एक टेबल, आणि डांबराच्या गोळ्यांचा वास. घरी जाऊन केस धुतले तरी तो वास जात नसे. तिच्या आधी हा विभाग तिच्या सासऱ्यांनी सांभाळला होता. ती आधी त्यांची विद्यार्थिनी होती, मग सून झाली. त्यामुळे इथे ते सर आणि घरी बाबा. सुरुवातीला तिची फार तारांबळ उडायची. एकदा भर सभेत ती "बाबा, पुढचं चित्र दाखवू का?" म्हणाली होती आणि सगळं सभागृह हसलं होतं.

ही माशी बाबांची होती. म्हणजे सरांची.

उष्ण प्रदेशातल्या ओढ्यांकाठी माश्यांचं एक कुल राहतं. त्यांच्या डोक्याच्या दोन्ही बाजूंना लांब दांड्या असतात आणि डोळे त्या दांड्यांच्या टोकांवर. काही जातींत दोन डोळ्यांमधलं अंतर अख्ख्या शरीराच्या लांबीहून जास्त भरतं. संग्रहालयात सगळे त्यांना दांडीडोळ्या म्हणत. कोषातून बाहेर आल्यावर माशी हवा गिळते, दांड्या फुग्यासारख्या फुगवते, आणि थोड्याच वेळात त्या कडक होतात. जशा झाल्या तशा; मग मरेपर्यंत बदल नाही. नर समोरासमोर उभे राहून एकमेकांची रुंदी जोखतात, आणि ज्याची कमी भरते तो बहुधा मुकाट निघून जातो. "माणसांपेक्षा शहाणे," सर वर्गात म्हणायचे, "भांडण मोजपट्टीवर मिटवतात."

डोळे दांडीवर गेलेल्या माश्या दुसऱ्या कुलांतही सापडतात. पण त्यांच्या मिशा आपल्या जागी, डोक्याच्या मधोमध राहतात. दूर जातात ते फक्त डोळे. दांडीडोळ्यांच्या मिशा मात्र डोळ्यांसोबत दांडीवर सरकलेल्या असतात. आधी काय सरकलं, डोळे की मिशा, यावर अभ्यासक वर्षानुवर्षं डोकं फोडत होते. आणि मग सरांना ही माशी मिळाली. अंग पक्कं दांडीडोळ्यांचं: पाठीवर काटे, पुढच्या मांड्या जाड. मिशा मात्र मधोमध. म्हणजे आधी डोळे गेले, मिशा मागून गेल्या, आणि त्या जुन्या काळातली एक शाखा कुठल्याशा ओढ्याकाठी अजून तग धरून होती. सरांनी तिच्यासाठी नवा वंश मांडला. वंशात जात एक, जातीत नमुना एक, तोही मादीचा. त्या कुलाचं जे झाड पाठ्यपुस्तकांत छापतात, त्याच्या बुंध्याशी चाळीस वर्षं हीच माशी बसली होती.

वंशाला त्यांनी बायकोचं नाव दिलं. त्या दिवसांत विभागात मदतनीस नव्हता. सर माश्या आणायचे आणि सासूबाई जेवणाच्या टेबलावर, ताटं उचलून झाली की, त्या टोचायच्या. काडीच्या टोकाला स्वतःच्या पापणीचा एक केस लावून त्यांनी हत्यार बनवलं होतं. त्याने पाय सरळ करायचे, पंख उलगडायचे, डिंक लावायचा. त्यांचा हात इतका हलका, की कुठे चिकटवलंय ते नंतर त्यांनाही सापडत नसे. त्यांना जाऊन बारा वर्षं झाली होती. ते हत्यार आता तिच्या टेबलाच्या खणात होतं.

नव्या वंशाची लक्षणं सांगताना सरांनी शेवटी एक ओळ लिहिली होती: डोकं किंचित डावीकडे कललेलं. पुढे एका अभ्यासकाने या कलण्यावरच अख्खा निबंध लिहिला. त्याच्या मते हा कल म्हणजे दांड्यांचं ओझं तोलण्याचा पहिलावहिला प्रयत्न होता. चार वर्षांपूर्वीपर्यंत तीही विद्यार्थ्यांना तेच शिकवत होती.

परदेशातून पुष्कळांनी माशी अभ्यासासाठी मागितली. सरांनी कुणालाही दिली नाही. "एकुलती एक आहे," ते म्हणायचे. "टपालात हिंदकळून डोकं पडलं म्हणजे?"

चार वर्षांपूर्वी पावसाचं पाणी खिडकीतून आत आलं, म्हणून तिने समोरच्या भिंतीची कपाटं रिकामी केली. तिथे दुसरं कुल होतं, ज्याच्या मिशा मधोमध असतात ते. त्या कपाटाशी सरांचा कधी संबंध आला नव्हता. ज्याने त्याने आपल्या कुलाचं कपाट उघडायचं आणि दुसऱ्याच्या कपाटात नाक खुपसायचं नाही, हा तिथला जुना शिष्टाचार. तळच्या खणात एका कोपऱ्यात तिला एक माशी सापडली. पंखांवर धुरकट पट्टे, अंग धडधाकट, डोकं नाही. टाचणीवरच्या चिठ्ठीत ओढा तोच आणि दिवसही तोच.

तिने चिठ्ठी दोनदा वाचली. मग सरांच्या कपाटातून त्यांची माशी आणली आणि दिवा डावीकडून आडवा धरला.

पुढचं सगळं तिला डोळ्यांसमोर दिसत होतं. एकाच पेटीतून आलेल्या दोन माश्या. रस्ता खराब, पेटी हिंदकळली, दोन्हींची डोकी पडली. सासूबाईंना एकच डोकं सापडलं. जे अंग समोर होतं त्यावर त्यांनी ते प्रेमाने, नीट, जरासं डावीकडे बसवलं. दुसरं डोकं, लांब दांड्यांचं, खरं, बहुधा सकाळच्या केरात गेलं. आणि ते बहुधा एखाद्या अगदी साध्या, नेहमीच्या जातीचं होतं.

त्या रात्री तिने नवऱ्याला सांगितलं. नवरा पुलांची तपासणी करायचा. त्याने सगळं शांतपणे ऐकून घेतलं.

"खात्री आहे तुझी?"

"डोकं सोडवल्याशिवाय शंभर टक्के नाही. आणि सोडवलं तर परत जोडता येणार नाही."

"मग राहू दे की. बाबा आहेत तोवर राहू दे. डॉक्टर म्हणालेत, छातीचं दुखणं आहे, फार तर सहा महिने. त्यांच्या पश्चात काय लिहायचं ते लिही."

"तुमच्याकडे पुलाला तडा दिसला तर काय करता?"

"आधी वाहतूक बंद करतो, मग खात्री करून घेतो," तो म्हणाला. मग जरा थांबून म्हणाला, "पण या माशीवरून कोण जातंय?"

तिला वाटलं, खरंच कोण जातंय? आणि ती गप्प बसली. सहा महिने गेले, वर्ष गेलं, दुसरं गेलं. बाबा खाटेवरून उठत नव्हते, पण जातही नव्हते. "मला मरायला वेळ नाही," ते डॉक्टरांना बजावायचे. "नर मिळायचाय अजून."

माशीवरून जाणारा एक माणूस होता. दोघांनाही त्या रात्री तो आठवला नव्हता.

त्याला सगळे जाळीमामा म्हणत. संग्रहालयाचा नमुने गोळा करणारा, तरुणपणापासून सरांच्या जोडीचा. ती माशी पकडली तेव्हा पेटी त्याच्याच हातात होती. दुसरा नमुना शोधायची मोहीम संस्थेने केव्हाच गुंडाळली, मामाही निवृत्त झाला, पण दर पावसाळ्यात तो त्या ओढ्यावर जायचाच. दांडीडोळ्या संध्याकाळी ओढ्याच्या काठावरून लोंबणाऱ्या मुळ्यांवर झोपायला येतात, आणि पाणी चढतं असतं तेव्हा सर्वांत जास्त येतात. त्यामुळे पाहायचं तर त्याच दिवसांत, त्याच वेळी, त्याच निसरड्या दगडांवरून. मामा जायचा तो सरांच्या शब्दाखातर. आणि दुसरंही एक कारण होतं.

"मी पाहिलीय तिला," तो म्हणायचा. "एका वर्षी, पुराच्या आदल्या संध्याकाळी. मुळीच्या टोकाला बसली होती, मिशा मधोमध. जाळी टाकणार तेवढ्यात गेली."

"मामा, एवढ्या अंधारात तुम्हाला मिशा दिसल्या?" तिने एकदा विचारलं होतं.

"दिसल्या म्हणजे," मामा म्हणाला, आणि क्षणभर घुटमळला. "आता चाळीस वर्षं बघतोय, सूनबाई, तेवढंही दिसायचं नाही?"

गेल्या पावसाळ्यात त्या दगडांवरून त्याचा पाय घसरला. वरून दगड आला आणि गुडघा चेपला गेला. दोन दिवस तो काठावर पावसात पडून होता. लाकूडतोड्यांनी पाहिलं म्हणून वाचला. ती दवाखान्यात गेली तेव्हा त्याचा चेहरा कागदासारखा पांढरा होता.

"जाळी वाचली बरं का," तो तिला म्हणाला. "गुडघ्याचं काय, दुसरा आहे."

ती हसली. बाहेर जिन्यात आल्यावर मात्र तिला नवऱ्याचं वाक्य आठवलं: या माशीवरून कोण जातंय?

या वर्षी तो जाणार नाही असं ती धरून चालली होती. पण पावसाचे ढग दिसू लागले तसा तो काठी टेकत विभागात आला आणि टाचण्या मागू लागला.

"मामा, डॉक्टरांनी चढउतार बंद केलीय."

"डॉक्टरांनी तुमच्या सासऱ्यांनाही बंद केलंय. ऐकतात का? दोघं एकाच माळेचे मणी आम्ही."

"संग्रहालयाची परवानगी लागेल."

"मी निवृत्त माणूस. मला ओढ्यावर हिंडायला कुणाची परवानगी?"

"एकटे जाऊ नका तरी."

"एकटा कुठे? काठी आहे की सोबत."

तिने आणखी कारणं शोधली. रस्ता वाहून गेलाय, जाळ्यांना वाळवी लागलीय, पुढच्या वर्षी आपण सगळेच जाऊ. मामाने प्रत्येकाला उत्तर दिलं. शेवटी त्याने तिच्याकडे नीट पाहिलं. "सूनबाई, साहेबांचा श्वास बघितलात ना? पुढचं वर्ष कुणी बघितलंय? त्यांच्या हातावर नर ठेवला, की मी सुटलो."

तो गेल्यावर तिच्या ध्यानात आलं, की आता एकच कारण उरलंय आणि तेच खरं आहे. पण खरं सांगायचं तर मनात 'बहुधा' ठेवून चालणार नव्हतं. तिचं चुकत असेल तर? चाळीस वर्षांचं काम एका थेंबावरून मोडीत काढायचं? चार वर्षं तिने याच 'बहुधा'चा आडोसा घेतला होता.

शनिवारी दुपारी विभागात कुणी नसताना तिने वाफाऱ्याचा डबा काढला. पत्र्याचा साधा डबा, तळाशी ओली वाळू, वर घट्ट झाकण. कडक झालेले कीटक मऊ करायला तो वापरत. सरांची माशी तिने वाळूत टाचणीने उभी केली, झाकण लावलं आणि समोर बसून राहिली. खिडकीबाहेर माळी कात्रीने कुंपण छाटत होता. आपण काय करतोय ते तिला पूर्ण कळत होतं. जगात एकच असलेली वस्तू ती मोडत होती, आणि सासूबाईंच्या हातचं काम.

झाकण काढलं तेव्हा थेंब फुगून दुधट झाला होता. तिने खणातून पापणीच्या केसाची काडी घेतली आणि मानेला नुसता स्पर्श केला. डोकं सुटलं. खाली पडलं नाही. केसाच्या टोकाला ओलं चिकटून राहिलं, दांड्या पसरून, आता डावीकडे न कलता.

अंगाच्या बाजूला, डिंकाखाली, दांडीडोळ्यांच्या मानेचं तपकिरी टोक होतं. डोक्याच्या मागच्या भोकाशी फिकट पिवळ्या पापुद्र्याची फाटकी कड. तिने समोरच्या कपाटातली बिनडोक्याची माशी आणली आणि भिंगाखाली तिच्या मानेची आणि डोक्याची कड जवळ धरली. एकीत जिथे खाच होती तिथे दुसरीत टोक होतं. फाटलेल्या कागदाचे दोन तुकडे जुळावेत तशा त्या जुळल्या.

तिने डोकं एका छोट्या कुपीत ठेवलं, दोन्ही अंगं एका पेटीत ठेवली आणि हात धुतले. 'बहुधा' संपलं होतं. त्याने हलकं वाटेल असं तिला उगीचच वाटलं होतं.

रविवारी सकाळी मामा निरोप घ्यायला घरी आला. दुपारच्या गाडीत त्याला जागा मिळाली होती. नवे बूट, डाव्या गुडघ्याला पट्टा, खांद्यावर जाळीची पिशवी. बाबांच्या खोलीत खाटेशेजारी प्राणवायूची नळी फुसफुसत होती. उशीला टेकून ते उठून बसले होते. मुद्दाम दाढी करवून घेतली होती.

"बूट कसले हे?" बाबा म्हणाले. "लग्नाला निघालायस का?"

"निघालोय की, नवरदेव आणायला," मामा म्हणाला. "नवरी चाळीस वर्षं पेटीत बसलीय."

बाबा हसले, मग खोकले, आणि खोकला लवकर थांबेना. नवरा चहाचे कप खाली ठेवून पुढे आला, त्याने नळी सरळ केली. ती दाराशी उभी होती. पेटी तिच्या पर्समध्ये होती आणि पर्स तिने दोन्ही हातांनी पोटाशी धरली होती. नवऱ्याने तिच्याकडे पाहिलं, पर्सकडे पाहिलं. काल संध्याकाळी तिने त्याला सगळं सांगितलं होतं. त्याने अगदी हळू मान हलवली. आज नको.

"ओढ्याच्या डाव्या काठाने जा," बाबा दम खात म्हणाले. "तिथे मुळ्या जास्त आहेत. आणि जपून."

"जपून तर जपून."

"अरे, माशीला जपून म्हणतोय मी. हिची आई असती तर पेटी मांडीवर घेऊन आली असती." त्यांनी सुनेकडे बोट दाखवलं. सासूबाईंना ते नेहमी 'हिची आई' म्हणत, जणू ती त्यांचीच लेक होती. "नीट आण. डोकं हललं तर सगळं गेलं."

मामाने वाकून त्यांच्या पायांना हात लावला. वाकताना त्याचा गुडघा अडला आणि त्याने खाटेची कड पकडली. क्षणभर त्याचा चेहरा वेदनेने आक्रसला. मग त्याने कुणी पाहिलं नाही ना हे पाहिलं. तिने पाहिलं होतं.

"येतो सूनबाई," तो म्हणाला. "येताना काय आणू?"

ती दारातून हलली नाही. मामा काठी टेकत समोर आला आणि ती बाजूला होईल म्हणून थांबला.

"अगं, वाट दे त्याला," बाबा म्हणाले. "गाडी चुकेल."

"चुकू दे," ती म्हणाली.

नळी फुसफुसत राहिली. नवरा म्हणाला, "ऐक जरा, बाहेर चल."

"नाही. इथेच." तिने पर्स उघडली, पेटी काढून बाबांच्या पांघरुणावर ठेवली, त्यांना दिसेल अशी, आणि शेजारी ती छोटी कुपी. बाबांनी पेटीकडे पाहिलं. त्यांचा हात चष्म्याकडे गेला आणि अर्ध्यावरच थांबला. तिचा आवाज वर्गात शिकवताना निघायचा तसाच निघाला, सरळ आणि जरा कोरडा.

"मामा, तुम्ही जायचं नाही. या वर्षी नाही आणि कधीच नाही. तिथे ती माशी नाही. सर, ती कधीच नव्हती. अंग एकीचं आहे आणि डोकं दुसरीचं. आईंनी चुकून चिकटवलं. काल मी ते सोडवलं."